पंगतीत काढलेलं उट्टं

माझा आवाज जालन्याच्या एमआयडीसीत टेम्पो-टेम्पोतून वाजत होता आणि सीडीच्या कव्हरवर फोटो होता दुसरीचा. दोन हजार साल नुकतंच उलटलं होतं. त्या दिवशी माझं डोकं फिरलं, ते उट्टं काढेपर्यंत फिरलेलंच राहिलं.

मी त्याच एमआयडीसीत बियाणं निवडायच्या कामाला होते. बदनापूरजवळच्या आमच्या गावात मात्र लग्नाची गाणी म्हणायला मलाच बोलावत. अशाच एका हळदीत जालन्यातल्या मस्तगडच्या एका कीबोर्डवाल्यानं मला ऐकलं आणि आपल्या स्टुडिओत बोलावलं. स्टुडिओ म्हणजे घरातलीच एक खोली. तिथं त्यानं एक परदेशी कॅसेट लावली. बाई काळजातून गात होती. मागे ना पेटी ना ढोलकी, नुसता मशीनचा धिमा, घुमणारा ठेका.

"याला सोल म्हणतेत, अक्का," तो म्हणाला. "आत्म्याचं गाणं. मी तुमच्या ओव्यांचं असंच करून राह्यलो."

मला एक शब्द कळला नाही, पण अंगावर काटा आला. माझी जात्यावरची ओवी त्यानं तशाच ठेक्यावर बसवली आणि खरं सांगते, झकास बसवली. मेल्याच्या हातात कला होती.

पण कव्हरवर फोटो त्याच्या मेहुणीचा, नावही तिचंच. जाब विचारायला गेले तर हा बटणं दाबत हसला.

"आवाज तुमचाच हाय, बिलकुल. पण कव्हरवर चेहरा बराबर लागतो. तुमचा न्हाई चालत."

ते बोलणं मी गिळलं, पचवलं मात्र नाही. माझा गळा माझाच आहे हे चारचौघांत कबूल करून घ्यायचं, एवढंच मनात धरून बसले.

आणि देवच पावला. त्याच्या धाकट्या भावाचं लग्न ठरलं, ते आमच्याच गल्लीतल्या मुलीशी. आमच्याकडे वऱ्हाड पंगतीला बसलं की नवरीकडच्या बाया गाण्यातून त्यांची खेचतात. त्यावर रागवायचं नसतं, वऱ्हाडातल्या बाईनं गाण्यातच उत्तर द्यायचं असतं. उत्तर येईपर्यंत आम्ही थांबत नाही. हा शहाणा ते विसरला. ऐट दाखवायला त्यानं स्वतःच कीबोर्ड मांडला, ठेका सुरू केला आणि माईक बायांकडे दिला. मी पदर पुढे ओढून मागेच बसले होते. माईक घेतला.

नवरदेवाचा भाऊ, बसला पुढं ऐटीत गं
माझा गळा चोरून, ठेवला त्यानं पेटीत गं

पंगत खदखदून हसली. नेहमीचीच चेष्टा वाटली त्यांना. मग मी सरळ बोट केलं.

"मेहुणीबाई, तुम्ही तर मोठ्या गायिका. मंग द्या की उत्तर!"

सगळे तिच्याकडे वळले. सीडी घरोघर वाजत होती, त्यामुळे आग्रहाला ऊत आला. बिचारी उभी राहिली, तोंड उघडलं, पण आवाज फुटेना. तेव्हा तिच्या नावावरची तीच ओवी मी त्याच ठेक्यावर म्हटली. लोकांचे घास हातातच राहिले.

"अगं बाई, सीडीत तर हिचाच गळा हाय!" हे बोलली कीबोर्डवाल्याची सख्खी आई.

मेहुणी रडायला लागली. मला तिची कीव आली नाही, अजूनही येत नाही. कीबोर्डवाला पंगत ओलांडून आला आणि हात जोडून उभा राहिला.

"चुकलं माझं, अक्का. पावण्यात इज्जत गेली. आता बस करा."

"अजून उत्तर आलं न्हाई," मी म्हणाले, आणि पुढची ओवी लावली.