सीलमागे भिजलेला धान

माझ्या पोहा मिलला सील लागलं, तेव्हा मेणबत्ती मीच धरली होती.

कुलपाला फडकं गुंडाळून झालं. लाख वितळवायला माणूस नव्हता. सील लावायला आलेल्या सरकारी साहेबांनी माझ्याकडे बोट केलं. "तू धर." मी धरली. गरम लाख अंगठ्यावर सांडली. समोर माझ्याच खुर्चीवर शेठ बसले होते. शेजारच्या मोठ्या राईस मिलचे मालक. माझा बाप जन्मभर त्यांच्याकडे हमाल. माझ्याच घरचा चहा पीत ते म्हणाले, "काऊन रे, मेणबत्तीही धरता येत नाही तुले?" सगळे हसले. खोटं कशाला सांगू, मीही हसलो.

मी तसा बोलका माणूस. दिवाळीनंतर गावोगाव मंडईची जत्रा भरते, तेव्हा दंडारीच्या नाटकात रावण करतो. सौंदडपासून सालेकशापर्यंत माझी आरोळी ओळखतात. दंडारीत रावणालाही मरण्याआधी बोलू देतात. कधी मी इतकं बोलतो की धनुष्य ताणून रामाच्या हाताला मुंग्या येतात. त्या दिवशी मात्र जेमतेम दोन-तीन वाक्यं निघाली. तीही हात जोडून.

"साहेब, आत दोन हौद धान भिजून राहिला. उद्या भाजला नाही तर सडते. तेवढा काढू द्या."

"तुझी सुनावणी झाली." साहेबांनी कागदातून मान वर केली नाही.

"कधी जी?"

"मागच्या सोमवारी. तू आला नाहीस."

नोटीस मला मिळालीच नव्हती. तक्रार शेठची होती, मिलमधून घाण वास येतो म्हणून. तोवर माझ्या मिलमधून भाजलेल्या धानाचा वास यायचा. एसटीतली माणसं त्या वासासाठी खिडकी उघडायची. साहेबांनी पेन दिलं. मी सही केली. न वाचता. साहेबानं पेन दिलं की सही करायची आणि दोन्ही हातांनी पेन परत द्यायचं, हे बापानं शिकवलेलं. सहीच्या वर काय लिहिलं होतं ते नंतर कळलं: माझी काही हरकत नाही.

दुसऱ्या दिवशी दाराआडून बुडबुड ऐकू येऊ लागली. तिसऱ्या दिवशी फटीतून पिवळं पाणी आलं. आमचं घर मिलला लागूनच. मग बायकोनं त्या बाजूची खिडकी लावून घेतली. शेठची गाडी रोज दारासमोर हळू व्हायची. थांबायची नाही. बाजारात मी दिसलो की लोक आवाज खाली करायचे.

आठव्या दिवशी साहेबांची जीप आली. नाकाला रुमाल. वासाचा पंचनामा करायचा होता.

तेव्हा माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. शिक्षा आधी झाली होती. गुन्हा नंतर तयार झाला. त्यांच्याच कुलपाआड.

साहेबांनी पेन पुढे केलं. बायको दारातून म्हणाली, "आंधी वाचा जी."

मी वाचलं. मोठ्यानं. रावणाच्या आवाजात, रस्त्यावरची माणसं थांबेपर्यंत. आणि खाली माझ्या हातानं लिहिलं: सील लावताना आत धान भिजलेला होता. मी सांगितलं होतं. मला ऐकून घेतलं नाही. नोटीस कोणाला दिली ते दाखवा. मग सही केली आणि पेन एका हातानं परत दिलं.

साहेब हळू आवाजात म्हणाले, "तुझ्या घराचेही कागद तपासावे लागतील."

"तपासा जी. पन आंधी नोटीस द्या. तारीख द्या. त्या दिवशी तुम्ही बसा, शेठलेही बसवा. अन् मी बोलून राहिलो तर मधातून उठू नका."

साहेब जीपमध्ये जाऊन बसले. जीप शेठच्या मिलकडे वळली.

मिल अजून बंद आहे. वास गावभर झाला आहे. दर आठवड्याला मी त्यांच्या ऑफिसात जातो, अर्ज देतो, पोच घेतो आणि दारासमोर उभा राहतो. चपराशी म्हणतो, "बैठो काका, टाइम लगेगा." मी बसत नाही. सील निघेल की उद्या घरालाही लागेल, मला माहीत नाही. लागलंच तर माझं ऐकून लागेल. माझा शब्द न् शब्द लिहून घेतल्याशिवाय यांना माझ्या उंबऱ्यावर पाय ठेवू देणार नाही.