दारापर्यंत आलेलं भगदाड

पहाटे पाऊस निघाला आणि वाटेतच थबकला. थेंब जिथल्या तिथे, झुंबराच्या लोलकांसारखे हवेत लटकून राहिले. गावात याला टांगता पाऊस म्हणत. तो का थांबतो, कुणाची वाट बघतो, ते कुणालाच कळलं नव्हतं. कधी तासाभरात कोसळे, कधी दोन-दोन दिवस डोक्यावर लोंबकळे.

गल्लीतल्या शिंपिणीने मशीनला तेल दिलं, बॉबिन भरली आणि कालच्या चिंध्या झाडायला दार उघडलं. गल्ली तिला पाठीमागे ‘कात्री’ म्हणे, आणि ते काही नुसतं धंद्यावरून नव्हे.

टांगत्या पावसातून माणूस गेलं की अंगाला लागलेले थेंब अंगाबरोबर जात, मागे त्याच्या मापाचं भगदाड उरे. म्हणून अशा दिवशी सगळे पाववाल्याची वाट बघत. त्याचा तो अगडबंब देह एकदा भट्टीकडे गेला की त्याच्या भगदाडातून दोन बायका शेजारी-शेजारी, गप्पा मारत, कोरड्या ठणठणीत जात.

पण आज कात्रीच्या दाराशीही एक भगदाड येऊन संपलं होतं. बारीकसं. उंबऱ्याशी कुणीतरी बराच वेळ उभं राहिलं होतं, कारण तिथली आकृती कापून काढल्यासारखी स्वच्छ होती. मग कडी न वाजवता ते माणूस आलं त्याच भगदाडातून परत गेलं होतं.

“अहो, बाहेर या जरा!”

नवरा चहाचा कप घेऊन आला. “गिऱ्हाईक असेल. तुझा आवाज ऐकून पळालं.”

“मी झोपले होते!”

“मग घोरणं ऐकून.”

कात्रीचं लक्ष नव्हतं. आकृतीचा डावा खांदा उतरता होता. असा खांदा तिच्या हाताखालून एकच गेला होता, तिच्या थोरल्या बहिणीचा. ताईच्या मते तो हिलाच लहानपणी कडेवर वागवून वागवून उतरला होता.

“ताई येऊन गेली,” ती म्हणाली. “पण एवढीशी?”

तीन वर्षांपूर्वी ताई पोलक्याचं माप द्यायला आली होती, दुकानात गिऱ्हाइकं बसलेली, आणि कात्री बोलून गेली होती, “ताई, तुला आता कापड कुठलं पुरतंय, तंबूच ठोकते!” सगळ्या हसल्या. ताईही हसली. त्यानंतर तिने या दारात पाऊल टाकलं नाही; कपडे बाजारातल्या शिंप्याकडे टाकू लागली. त्या ताईचं निम्मं अंगसुद्धा या भगदाडात मावलं नसतं.

“पाऊस पडू दे, मग जा,” नवरा म्हणाला.

“पडला की हे पुसलं जाईल. मग तुम्ही म्हणाल भास झाला, आणि मीही म्हणेन.”

ती निघाली. भगदाड तिच्या अंगाला तंग होत होतं, दोन्ही दंड भिजत होते. कोपऱ्यावर आकृती भिंतीकडे झुकली होती. पुढे पाणवठ्याच्या कठड्याशी पुन्हा. इथे का टेकली ही? चक्कर आली? दम लागला? कात्री प्रत्येक ठिकाणी थांबून निरखत होती.

“बाई, माझ्या रस्त्याने जा की!” पाववाला ओरडला. “त्या फटीतून कशाला?”

“आज फटीतच काम आहे!”

ताई खिडकीशीच होती. गालफडं बसलेली, पण डोळे तेच.

“तू आली होतीस.”

“मी? मी कशाला मरायला येऊ?”

कात्रीने मागे बोट दाखवलं. भगदाड थेट ताईच्या पायरीला लागलं होतं.

“मला वाटलं, तू उठायच्या आत पडेल मेला पाऊस,” ताई पुटपुटली.

“काय झालंय तुला?”

“रक्तात साखर निघाली. वैद्य म्हणतात, आता आटोक्यात आहे. अशक्तपणा आहे, जाईल. मरत नाही मी एवढ्यात. पण एक पोलकं अंगावर ठरेल तर शपथ! आणि तो बाजारातला दोन्ही खांदे सारखेच शिवतो.”

“मग कडी का नाही वाजवलीस?”

“म्हटलं, आता काय म्हणशील? तंबूचा बांबू?”

कात्रीने तोंड उघडलं आणि मिटलं. खरं तर तिला तेच सुचलं असतं. तिचा चेहरा बघून ताईलाच खुदकन हसू फुटलं.

“बोल गं. तुझ्या गप्प बसण्याची जास्त भीती वाटते.”

“नको. चुकलंच तेव्हा माझं. तुझ्याकडे ब्लेड आहे का?” कात्री ओले दंड पदराला पुसत आत आली. “आण सगळी पोलकी.”

“आत्ता? पाऊस?”

दोघींनी बाहेर पाहिलं. तो अजून टांगलेलाच होता.

“राहू दे त्याला,” कात्री म्हणाली आणि वरचंच पोलकं उलटं करून डाव्या खांद्याची टीप उसवायला लागली.