शत्रूकडचा सरदार

"हळू. मरायची घाई नाही," असं ते म्हणायचे आणि मग स्वतः मरून दाखवायचे.

साठीला टेकलेला, किरकोळ अंगाचा तो जपानी माणूस छातीवर लाकडी तलवारीचा वार घ्यायचा. क्षणभर नुसताच उभा राहायचा, घरी काहीतरी विसरून आल्याचं आत्ता आठवावं तसा. मग टाचेवर अर्धा फिरून, पाठीची कमान करत असा कोसळायचा की हॉलमध्ये बसलेले आम्ही सगळे "अगं आई!" म्हणून उठायचो. दोन सेकंदांत ते धूळ झटकत उभे. "बघितलं? आता तुम्ही."

हे सारं ते तीन-तीन शब्दांच्या इंग्रजीत बोलत. मी आपलं मराठीत सांगते आहे.

तुम्ही म्हणाल, बडोद्याच्या मराठी मंडळात जपानी माणूस आला कुठून? नव्वदीची सुरुवात होती ती. परदेशी कंपन्यांशी भागीदारी करायची लाटच आली होती, आणि मकरपुऱ्यातल्या आमच्या कारखान्याचीही एका जपानी कंपनीशी सोयरीक जुळली. नवी ग्राइंडिंग मशिनं आली, आणि ती बसवून द्यायला वर्षभरासाठी हे आले. तिकडच्या पत्रांत त्यांच्या नावापुढे 'सान' लिहिलेलं असायचं. तो आपल्या 'राव'सारखा मान आहे हे आम्हांला कुठलं माहीत! कामगारांनी तेच नाव धरलं, आणि गुजरातच्या रीतीप्रमाणे त्याला 'भाई' जोडून मोकळे झाले. सानभाई. त्यांनीही कधी दुरुस्ती केली नाही. कुणी "केम छो, सानभाई?" म्हटलं की कमरेत वाकून "मजामां!"

मी त्या कारखान्यात पत्रव्यवहार बघायची. त्यांची राहायची सोय अकोट्यात, आमच्या घरापासून दोन गल्ल्यांवर केलेली. कंपनीने गाडी देऊ केली तरी ते बसनेच यायचे, माझ्या शेजारी बसून, मांडीवर टोपी ठेवून.

त्यांचं गुपित फुटलं ते शेडमध्ये सांडलेल्या तेलामुळे. एके सकाळी सानभाई घाईघाईने मशीनकडे निघाले आणि तेलावरून पाय सटकला. "अरे, सानभाई पडी गया!" म्हणून सगळे धावले. पण ते पडणं काही वेगळंच होतं. दोन्ही पाय हवेत, अंगाचा गोळा, खांद्यावरून एक लोळण, आणि मशीनच्या पायाशी एका गुडघ्यावर बसलेले सानभाई. हातातला पाना तसाच हातात.

"लागलं?" मी विचारलं.

"नाही. माझा जुना धंदा आहे," ते लाजत म्हणाले. "पडणे."

मग काय, मी सोडते होय! रोज बसमध्ये थोडं थोडं करत मी त्यांची सगळी कहाणी काढून घेतली.

ते सिनेनट होते. तिकडच्या तलवारबाजीच्या सिनेमांतले. घराजवळ स्टुडिओ होता, सतराव्या वर्षी पालखी उचलायला म्हणून आत शिरले, आणि पुढे बढती मिळाली ती मरायच्या कामावर. नायक एकटा आणि त्याच्यावर चालून येणारे वीसजण, हे तुम्ही आपल्याकडेही पाहिलं असेल. त्या वीसजणांतले हे एक. सकाळी एका सिनेमात चोर म्हणून मरायचे, जेवून दुसऱ्यात शिपाई म्हणून. जिन्यावरून पडायचं, छपरावरून पडायचं, ऐन थंडीत नदीत पडायचं.

हे ऐकलं त्या दिवशी आमची बस विश्वामित्रीच्या पुलावर अडकली होती. त्यांनी खिडकीतून खाली पाहिलं. मी म्हटलं, "ह्या नदीत मगरी आहेत बरं का."

ते जरा मागे सरले. "मग इथे हिरोलाच पडू दे."

"तुमचा चेहरा दिसायचा का हो सिनेमात?" मी एकदा विचारलं.

"पाठ," ते म्हणाले. "माझी पाठ फार प्रसिद्ध होती."

एकदा मात्र चेहरा दिसायचा योग आला होता. पंधरा वर्षं मरून झाल्यावर एका दिग्दर्शकाने त्यांना मरता मरता बोलायला एक वाक्य दिलं. एकच. महिनाभर ते वाक्य घोकलं. आईला सांगितलं. आईने गल्लीला सांगितलं. सिनेमा लागला तेव्हा सगळी गल्ली नवे कपडे घालून थिएटरात गेली. तो प्रसंगच कापला होता. "परत येताना," सानभाई म्हणाले, "आईने सगळ्यांना स्वतःच्या पैशाने चहा पाजला."

पुढे घरोघरी टीव्ही आले, तसले सिनेमे आटले, स्टुडिओने मरणाऱ्यांना आधी घरी पाठवलं. मेहुण्याच्या ओळखीने ते मशीनच्या कारखान्यात लागले, आणि तिशी उलटल्यावर नवा धंदा मुळापासून शिकले. त्यानंतर तलवारीला हात लावला नव्हता.

आता आमच्या घरची गोष्ट सांगायला हवी. आमचे हे शाळेत इतिहास शिकवायचे आणि दर गणपतीत मंडळासाठी एक ऐतिहासिक नाटक लिहून बसवायचे; किल्लेदार आणि शत्रूचा सरदार प्रत्येकात ठरलेले. आदल्या वर्षी त्या नाटकाची फार शोभा झाली. किल्लेदार शत्रूच्या सरदाराला तलवार खुपसतो हा शेवटचा प्रसंग. सरदाराने तलवार लागल्यावर आधी खाली वाकून जागा स्वच्छ आहे का ते पाहिलं, मग एक हात टेकला, मग दुसरा, अंगरखा नीट केला आणि आडवा झाला. मागून कुणीतरी ओरडलं, "उशी आणू का?" सगळा मांडव हसत सुटला. ह्यांनी दोन दिवस धड जेवण केलं नाही. "पुढच्या वर्षी शेवटचं," म्हणाले. "परत हसले तर मी लेखणी खाली ठेवणार."

त्यामुळे मी सानभाईंना चहाला बोलावलं तेव्हा माझ्या मनात काय होतं ते तुम्ही ओळखलंच असेल.

त्यांनी शिकवायला होकार दिला, पण एका अटीवर. स्वतः रंगमंचावर यायचं नाही. मग दर संध्याकाळी शाळेच्या हॉलमध्ये तालीम. किल्लेदाराच्या कामात बँकेतले दिघे होते. आवाज खणखणीत, पण पोट सुटलेलं, आणि तलवार धरायचे ती पासबुकावर शिक्का मारायला निघाल्यासारखी. सानभाई त्यांना काही बोलायचे नाहीत. बाकीच्यांना म्हणायचे, "ह्यांना बघून घाबरा. तुम्ही घाबरलात की हे मोठे होतात." आणि खरंच सांगते, पंधरा दिवसांत दिघे वीतभर उंच दिसायला लागले!

प्रयोगाला दोन दिवस उरले आणि सरदाराचं काम करणारा आमचा गडी, रिफायनरीतला फिटर, काविळीने आडवा झाला. आमचे हे डोकं धरून बसले. मग उठून सानभाईंपुढे उभे राहिले. इंग्रजी सुचेना, तेव्हा मराठीतच म्हणाले, "तुम्ही उभे राहा हो. बोलायचं काही नाही. नुसतं लढायचं आणि मरायचं."

मी भाषांतर केलं. सानभाईंनी मला हळूच विचारलं, "माझा भाग कापणार तर नाहीत ना?"

मी ह्यांना सांगितलं. हे ताडकन म्हणाले, "त्यांना म्हणावं, नाटकात कात्री नसते."

प्रयोगाच्या संध्याकाळी मांडव भरून लोक कडेला उभे. आमच्या कारखान्यातला अर्धा गुजराती स्टाफसुद्धा "सानभाईनुं नाटक" बघायला आलेला. मी विंगेत उभी होते. सानभाई झुपकेदार मिशी आणि फेटा लावून आत शिरले. चालत आले फक्त, पण पुढच्या रांगेतली मुलं आयांच्या कुशीत सरकली.

लढाई सुरू झाली. एक, दोन, तीन वार ठरल्याप्रमाणे. चौथ्या वाराला दिघ्यांच्या घामेजल्या हातातून तलवार सुटली आणि थेट तबलजीच्या पुढ्यात जाऊन पडली.

झालं! दिघे रिकाम्या हातांनी उभे. मागे कुणीतरी फिस्सकन हसलं. ह्यांनी डोळे मिटून घेतले.

आणि सानभाईंनी डरकाळी फोडली. खरी डरकाळी! तलवार उगारून ते दिघ्यांवर धावले. दिघे जिवाच्या भीतीने दोन्ही हात वर करून ओरडले, आणि बघते तो त्या वर केलेल्या हातांत सानभाईंच्या तलवारीची मूठ आलेली! कधी आली, कशी आली, दिघ्यांना आजही सांगता येत नाही. लोकांना दिसलं ते एवढंच, की निःशस्त्र किल्लेदाराने सरदाराच्या हातातून तलवार हिसकावली. सानभाई दोन पावलं झोकांडले, वळले आणि पोटात वार घेतला. थांबले. मग टाचेवर फिरून, पाठीची ती कमान करून, पायऱ्यांवरून उलटे गडगडत प्रेक्षकांच्या पायांशी येऊन पडले.

टाळ्या, शिट्ट्या, आणि मागून पहिली आरोळी: "वन्स मोअर!"

बडोद्याच्या मराठी माणसाला गाण्यावर वन्स मोअर द्यायची सवय आहे. मरणावर तो कुणी दिल्याचं मी तोवर ऐकलं नव्हतं. पण सगळा मांडव गर्जत होता. सानभाई पडल्या पडल्या एक डोळा किलकिला करून माझ्याकडे बघत होते.

"परत!" मी विंगेतून ओरडले. "परत हवंय त्यांना!"

"परत मरू?"

"हो!"

ते उठले. प्रेक्षकांना कमरेत वाकून नमस्कार केला. पायऱ्या चढून गेले, दिघ्यांसमोर उभे राहिले आणि दुसऱ्यांदा मेले. आणि काय सांगू, दुसऱ्यांदा निराळे मेले! ह्या वेळी गडगडणं नाही, काही नाही. गुडघे टेकले, किल्लेदाराकडे मान वर करून पाहिलं आणि पेंगुळलेल्या पोरासारखे कुशीवर कलंडले. तोंड लोकांकडे होतं. दिव्यांच्या उजेडात चेहरा स्वच्छ दिसत होता. टाळ्या वाजल्या नाहीत लगेच. बायका पदराने डोळे पुसत होत्या. शत्रूच्या सरदारासाठी!

पडदा पडल्यावर ते विंगेत खुर्चीवर बसले होते, अर्धी मिशी सुटलेली. माझ्या सासूबाई तरातरा आत आल्या आणि त्यांचा दंड चाचपून म्हणाल्या, "जिवंत आहेस ना रे बाबा?" सानभाईंना शब्द कळले नाहीत. त्यांनी सासूबाईंचा हात दोन्ही हातांत धरला आणि सोडेचनात.

"सिनेमात मेल्यावर टाळी नसते," मग ते मला म्हणाले. "साहेब 'कट' म्हणतो. आपण उठतो, केस नीट करतो." आणि मिशी काढायच्या निमित्ताने त्यांनी तोंड फिरवलं.

मशिनं चालू झाली, वर्ष सरलं, ते गेले. स्टेशनवर अख्खी शिफ्ट आली होती. सेव-उसळीचा मसाला कुणी दिला, कुणी चेवडा. पुढच्या गणपतीत ह्यांनी कामं वाटायला घेतली तर किल्लेदार व्हायला कुणी तयार नाही, सरदारासाठी मात्र नऊजण! दिघेसुद्धा त्यांत.

त्यानंतर पाच-सहा वर्षांनी त्यांच्या मुलीचं पत्र आलं. वडील गेले, थोडक्या आजाराने. त्यांच्या खोलीत भिंतीवर एकच फोटो होता, प्रयोगानंतर मंडळाने काढलेला. तिने त्याची प्रत पाठवली होती आणि विचारलं होतं: 'बाबा सांगायचे, की ह्या नाटकातला हिरो त्यांच्या शेजारी उभा आहे. पण शेजारी दोन्हीकडे माणसं आहेत. त्यांतला हिरो कोण?'

मी खरं तेच कळवलं. उजवीकडचे, फोटोत नेमके डोळे मिटलेले, ते दिघे. आणि खाली लिहिलं, की वन्स मोअर मात्र दिघ्यांना मिळाला नव्हता.