फुंगदादांची लाल पाकिटं

हाँगकाँगच्या सिनेमात पडद्यावर मरणाऱ्याला शॉट संपला की लाल पाकीट द्यायचं असतं. आत एखादी नोट असते. खोटं मरण अंगाला चिकटू नये, एवढाच हेतू. मारधाडीचे आणि गुन्हेगारीचे एकतीस सिनेमे काढणाऱ्या फुंगदादांनी हे काम कधी दुसऱ्यावर सोपवलं नाही. दुपारी उगवणाऱ्या हिरोला ते आईबापावरून शिव्या घालत, पण लाल रंगात लडबडलेल्या एक्स्ट्राला स्वतः हात धरून उठवत आणि पाकीट देत. पाकिटं घरी त्यांची बायको युक-लान भरायची. "आज किती मुडदे?" एवढंच सकाळी विचारायची.

दादांना काम मिळेनासं झालं, त्याला बारा वर्षं लोटली. आता युक-लान हॉस्पिटलात होती, आणि करण्यासारखं काही उरलं नाही, असं डॉक्टरांनी आजच सांगितलं होतं. सेटवर दोनशे माणसं नाचवणारा हा माणूस तिच्या उशाशी नुसता बसून होता. शेवटी त्यांनी खिशातून लाल पाकीट काढलं आणि हळूच तिच्या तळव्याखाली सरकवलं.

तिने बोटांनी चाचपलं आणि डोळे उघडले.

"म्हाताऱ्या, जन्मभर सिनेमे काढलेस आणि साधी रीत विसरलास? आधी कट म्हणायचं असतं."

"कट," दादा म्हणाले.

हा शब्द ऐकला की त्यांचे मुडदे कपडे झटकत उठायचे आणि चहा मागायचे. युक-लानने हसून पाकीट मुठीत धरलं. उठली मात्र नाही.