वखारीतल्या बैठका

आमच्या सेठाले एक दिवस मजुरायच्या तब्येतीची काळजी वाटू लागली, अन् तेथूनच आमची तब्येत बिघडली.

त्याआधी आमी लय सुखात होतो असं नाई. पण दुःख ज्याचं त्याच्यापाशी होतं. कोणी खोकलं त तो त्याचा खोकला, कोणाची कंबर धरली त ती त्याची कंबर. सेठ त्यात नाक खुपसत नव्हता, अन् आमी त्याले खुपसू देत नव्हतो.

सातासमुद्रापार कोण्या मुलखात लढाई पेटली होती म्हणे. तेथचा कापूस अडला, अन् आमच्या वऱ्हाडातल्या कापसाले सोन्याचा भाव आला. अमरावतीत ज्याच्या त्याच्या तोंडी एकच गोष्ट. न्हाव्यापाशी जा, रुई. देवळात जा, रुई. मयतीले जा, त तेथीही दोघं कोपऱ्यात उभे राहून भाव बोलून राहिले. सेठाची एक वखार अमरावतीत, दुसरी अकोल्याले. अमरावतीच्या वखारीत आमी पंधरा-वीस बाया रेचे फिरवून सरकीपासून रुई वेगळी करत होतो. मी त्यायची मुकादमीण. म्हणजे मजुरी सगळ्यायइतकीच अन् बोलणी दुप्पट.

निघालेली रुई गड्यायकडे जाये. जमिनीत गाडलेली एक लाकडी पेटी होती, दोन पुरुष खोल. वरून रुई टाकायची, आत एक गडी उभा राहून ती पायानं तुडवे. पेटी गच्च भरली की तो वर निघे, अन् आठ गडी दांडे धरून, गोल फिरून वरचा दाब आवळत. मग गाठ बांधायची, गोणपाट शिवायचं, गाडीत टाकायची. त्या पेटीत तुडवणारा गडी म्हणजे आमच्या घरचा माणूस. सकाळी काळाभोर आत उतरे अन् संध्याकाळी पांढरा होऊन बाहेर निघे. नाकात रुई, कानात रुई, पापण्यायवर रुई. स्वभावानं गरीब गाय. त्याच्या वाट्याचं बोलणं देवानं मलेच देऊन टाकलं होतं.

त्या वर्षी हंगाम अर्ध्यावर आला अन् त्याचा खोकला सुरू झाला. मी ओवा दिला, हळद दिली, जेष्ठमध दिलं. खोकला काही जायेना. रुई पोटात जाऊन राहिली अन् मी वरून हळद टाकून राहिली, काय फरक पडन?

अशात मुंबईचा एक गोरा साहेब गाठी पाह्याले आला. संगं दुभाष्या होता. साहेबानं वखारीत नजर फिरवली अन् इचारलं, एवढ्याशा माणसायवर एवढी मोठी वखार कशी चालवता? खरंच होतं. चार जण तापानं पडले होते, अन् तिघं पलीकडच्या वखारीत निघून गेले होते. गडी मिळणं म्हणजे वाळूतून तेल काढणं झालं होतं. साहेब म्हणे, "माणसं सांभाळा. आजारी माणूस गाठ बांधत नाई. माणसावर केलेला खर्च वाया जात नाई, गाठीतून परत येते." सेठानं एवढी मान हलवली की पगडी सरकली.

आता हाच सेठ बैल कसा सांभाळे ते पाहा. बैलाले सरकी, बैलाले गूळ, खांदा सुजला त तेल, अमावास्येले सुट्टी. आमी बाया म्हणो, "पुढच्या जन्मी देवा, सेठाचा बैल कर रे बापा." माणूस सांभाळाची पाळी आली तेव्हा मात्र सेठानं बैलाकडे पाह्यलंच नाई. त्यानं अकोल्याच्या तालमीतून एक वस्ताद बोलावला.

वस्ताद आला. मान कोठी संपते अन् डोकं कोठी सुरू होते हे शोधा लागे. हुकूम निघाला की दिवस उगवायच्या आधी सगळ्या गड्यायनं वखारीत यावं, वीस दंड अन् पन्नास बैठका माराव्या, मग अर्धा तांब्या दूध प्यावं अन् कामाले लागावं. म्हणजे जो माणूस दिवसभर गाठी वाहून वाकडा होते, त्याले सकाळी उठून बैठका! बायायले हे सारं माफ होतं. बायायची तब्येत दळण अन् पाण्यानं आपोआप ठणठणीत राह्यते, असं सेठाचं म्हणणं. आमी रेच्यामागं बसून, तोंडात पदर कोंबून ती गंमत पाह्यली. गाठी तोलणारा ढेरीवाला तोलारी खाली बसला त वर येईना. दोघायनं त्याले बगलेत हात घालून उभा केला, अन् वस्ताद म्हणे, "एक!"

चार दिवसात वखारीचं वाटोळं झालं. दांडे फिरवणाऱ्यायचे पाय लटपट करत. एक गडी दुपारी गाडीतल्या गाठीवर आडवा झाला, गाडीवानानं पाह्यलं नाई, अन् तो गाठीसंगं बडनेऱ्यापर्यंत जाऊन आला. गाठी वाढायच्या त कमी झाल्या. सेठ इचारात पडला. बसला, उठला, फिरला, अन् म्हणे, "बैठका कमी पडून राहिल्या." पन्नासाच्या पाऊणशे झाल्या. अक्कल गहाण ठेवाले कोणी जागा दिली असती त सेठ तेथी आधीच जाऊन आला असता.

इथवर हसू येत होतं. पण मग सेठानं दुसरा हुकूम काढला. ज्याच्या बैठका पुऱ्या होणार नाईत, त्याले त्या दिवशी काम नाई. आमच्या घरचा माणूस विसाव्या बैठकीले खोकू लागे अन् तिसाव्याले डोळे पांढरे करे. काम गेलं त घरी बसून राहणं त्याले जमणारं नव्हतं, अन् पेटीत राहिला त जीव जाणार होता. कोण्या बाजूनं रडू, तेच मले समजेना.

गडी मात्र भले निघाले. त्यायनं त्याले मागच्या रांगेत उभा केला. समोरचे आठ जण असे बोंबलून मोजत की मागं कोणी बसलं का उभं राह्यलं कोणाले दिसू नये. आठ दिवस निभलं. नवव्या दिवशी वस्ताद मागच्या बाजूनं आला अन् आमचा माणूस भिंतीले टेकून शांतपणे आकडे म्हणून राहिला होता.

"बैठका कोठी हायत?" वस्तादानं इचारलं.

त्याले खोकल्याची उबळ आली. मग मीच रेचा सोडून उठली. अंगात आल्यासारखं झालं होतं मले. म्हणलं, "वस्ताद, तुमी अकोल्याचे मोठे पैलवान. तुमच्या छातीत दोन म्हशी राह्यतीन. एक गाठ तुडवून दाखवा. दाखवली त मी सगळ्या बायायले घेऊन बैठका मारतो."

बाया हसल्या, गडी हसले. आता हसल्यावर पैलवान मागं कसा सरकन? धोतर खोचून उतरला पेटीत. आमी वरून रुई टाकली. आमी म्हणजे बायायनं हात राखला नाई, खोटं कायले बोलू. पहिल्यांदा वस्ताद जोरात नाचला. मग शिंकला. मग आतून काहीच आवाज येईना. अर्धी पेटी भरली असन नसन, दोन हात वर आले अन् "काढा रे, काढा!" असं ओरडणं. वर काढला त वाघाची शेळी झालेली. भिंतीपाशी जाऊन ओकला, एक घागर पाणी प्याला, अन् लय वेळ खाली बसून राहिला. मग आमच्या माणसाकडे पाहून म्हणे, "भाऊ, रोज किती?"

"दिस मावळेपर्यंत," हा म्हणे.

मी त्या वस्तादाले लय शिव्या दिल्या होत्या मनातल्या मनात. त्या परत घेतल्या. तो तसाच पांढऱ्या अंगानं सेठाच्या गादीपुढं गेला अन् म्हणे, "सेठजी, बैठका बंद करा. ह्या लोकायले ताकद नाई पाह्यजे, हवा पाह्यजे." सेठ ऐकेना. वस्ताद म्हणे, "मग तुमी उतरून पाहा." सेठानं आपल्या पोटाकडे पाह्यलं, पेटीच्या तोंडाकडे पाह्यलं, अन् ऐकलं.

दुसऱ्या दिवसापासून वखार बदलली. तुडवणाऱ्याच्या नाकातोंडाले ओलं फडकं. दोन गाठी झाल्या की आतला गडी बाहेर अन् दुसरा आत. पाण्याचे रांजण सावलीत. दुपारी घटकाभर पाठ टेकायची, कोणी लाथ मारणार नाई. ताप आला त घरी निजायचं, काम जात नाई. दूध तेवढं राह्यलं, दूध कोणाले नको? महिनाभरात गाठी एवढ्या वाढल्या की गोणपाट पुरेना. पलीकडच्या वखारीत गेलेले तिघं तोंड लपवत परत आले. साहेब पुन्हा आला तेव्हा सेठ छाती काढून सांगून राहिला होता, "ये सब मेरा दिमाग है साहब." वस्ताद बाजूले उभा होता. त्यानं माह्याकडे पाह्यलं, मी त्याच्याकडे पाह्यलं, अन् मी पुन्हा रेचा फिरवाले लागली.

पण सेठ तो सेठच. चांगल्या तब्येतीत नफा हाय हे त्याले एकदा समजलं, मग वाईट तब्येत त्याच्या डोळ्यात खुपू लागली. त्यानं वस्तादाले सांगतलं, एकेका गड्याच्या पाठीले कान लावून छाती तपास, अन् जो आतून घरघर करते त्याचं नाव काढून टाक. वस्तादानं आमच्या माणसाच्या पाठीले कान लावला अन् लवकर उचलला नाई. सेठाले म्हणे, "ठीक हाय." मले बाजूले बोलावून म्हणे, "बाई, मी खोटं बोललो. आणखी हा हंगाम पेटीत राह्यला त हा माणूस तुले दिसणार नाई."

मी सेठापुढं जाऊन उभी राह्यली. म्हणलं, "त्याले गोणपाट शिवाले बसवा. बाहेर हवेत बसन, हात चांगला हाय त्याचा."

"अन् पेटीतली त्याची पाळी?" सेठ म्हणे. "गडी मोजके हायत, मुकादमीणबाई."

"मी घेतो त्याची पाळी."

सेठ हसला. मग पाह्यलं की मी हसून नाई राहिली, तेव्हा हो म्हणे. आमचा माणूस दोन दिवस माह्यासंगं बोलला नाई. तिसऱ्या दिवशी म्हणे, "बायकोले पेटीत उतरवून मी सुई धरू? लोक थुंकतीन माह्या तोंडावर." मी म्हणलं, "थुंकू द्या. धुता येते." कासोटा आवळला, फडकं बांधलं अन् उतरली. बाया पेटीच्या काठावर येऊन मले चिडवत, "नाच वो मैना." मीही दोन शिव्या वर फेके. आतून आकाश चौकोनी दिसे. मग रुई पडे, अन् तेही दिसेना.

दर पंधरा दिवसायनं वस्ताद गड्यायच्या पाठी तपासे. बाईच्या पाठीले परक्या पुरुषानं कान कसा लावायचा? म्हणून सेठाच्या हिशोबी मी ठणठणीत. मलेही तसंच वाटे. सकाळी थोडं खोकू, घसा साफ करू, अन् कामाले लागू.

एका दुपारी पाठ टेकायच्या वेळी मी सावलीत बसली होती. आमचा माणूस सुई-सुतळी ठेवून आला, सगळ्यायसमोर माह्यामागं बसला, अन् त्यानं माह्या पाठीले कान लावला. लाजेनं मी मेली. म्हणलं, "काय करून राहिले तुमी? लोक पाहून राहिले ना." तो हलला नाई. लय वेळ ऐकत राह्यला. मग त्याचं रडणं मले माह्या पाठीवर ओलं लागलं. लग्नापासून त्या माणसाले मी रडताना पाह्यलं नव्हतं, तेव्हाही पाह्यलं नाई, पण लागलं. मले एवढी भीती त्या पेटीत कधी वाटली नव्हती.

तो म्हणे, "ऊठ. घरी चाल."

मले कधी हुकूम न करणारा माणूस, पण त्या दिवशी त्यानं केला अन् मी ऐकलं. तिवस्याले माहा भाऊ होता, त्याच्या वावरात कापूस वेचाले माणसं मिळून नव्हती राहिली. आमी गाठोडं बांधलं अन् गेलो. वावरात वारा होता. वेचता वेचता दोघंही खोकत होतो, एक थांबला की दुसरा सुरू. पण महिनाभरानं मधातली थांबण लांबत गेली. मी मोजत नव्हती, पण कान तिकडंच होता माहा.

तेथी एक दिवस वस्ताद आला. गाडीतून उतरला, वावराच्या कडेले धुऱ्यावर बसला, मटक्यातलं पाणी प्याला. म्हणे, सेठानं बोलावलं हाय. वखारीत आता काहीच कमी नाई, ताकही देतो म्हणते, दोघायलेही परत घ्याले तयार हाय. मी इचारलं, "कोण्या कामाले?"

वस्ताद खाली पाहू लागला. म्हणे, "पेटीच्याच."

मी ओटीतला कापूस टोपल्यात रिकामा केला. म्हणलं, "सेठाले सांगा, तब्येत चांगली हाय आमची. म्हणूनच येत नाई."