आईचं घर उभं करणारा अण्णा

बेळगावच्या खडेबाजारात चष्म्याची काडी बसवून घेत होते, तेव्हा अण्णाच्या हाताखालचे सुतार मारुती मेस्त्री यांचा फोन आला. "आक्का, अण्णा गेले वो…" खानापूरजवळ सिनेमाच्या सेटचं काम चालू होतं. जेवून अण्णा खुर्चीवर टेकला, तो उठलाच नाही. फोन ठेवून मी दुकानदाराला म्हटलं, काडी जरा घट्ट बसवा. महिना होऊन गेला, अजून त्या वाक्याचा मला राग येतो.

अण्णा माझा थोरला भाऊ. उभं आयुष्य त्यानं चित्रपटांतली घरं सजवली. आमची आई निपाणीत विड्या वळायची. मी लहान असतानाच ती गेली; तिचा एक फोटोही नाही. अण्णाची नजर मात्र तिच्याच घरात तयार झाली. सेटवर साधा तांब्या ठेवायचा, तरी आधी स्वतः चुलीपुढं बसून हात कुठवर पोचतो ते बघायचा. "वस्तू आपण ठेवायची न्हाय गं, त्या घरातल्या बाईनं ठेवल्यागत दिसाय पायजे," म्हणायचा.

दोन वर्षांपूर्वी निपाणीत विडीवाल्या बाईच्या घराचा सेट लागला. त्यानं मला हौसेनं बोलावलं, "ये, आईचं घर दावतो." गेले. मातीची भिंत, सूप, ओल्या फडक्यात बांधलेली विडीची पानं… सगळं तेच. पण भांडी काळीकुट्ट! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मंडळी जेवायला गेली होती. मी पदर खोचला आणि एकूण एक जर्मनचं पातेलं राखेनं लखलखीत घासून ठेवलं. तीन दिवस खपून अण्णानं ती भांडी मुद्दाम जुनी केली होती.

"काय केलंस गं हे?"

"आई अशी भांडी ठेवत होती व्हय रं? गरीब होती, घाणेरडी न्हवती."

"लई शहाणी हायस. ही तुझी शाळा न्हाय."

चार माणसांत बोलला आणि माझ्यादेखत पुन्हा काजळी फासायला लावली. मी निवृत्त मुख्याध्यापिका, ताठा काही कमी नव्हता. बोलणंच टाकलं. सणाला त्याचा फोन यायचा, मी तो मुलाच्या हातात द्यायचे. खानापुरातूनही निरोप आला, एकदा येऊन जा. गेले नाही. बेळगावाहून खानापूर काय लांब आहे?

त्याचं सामान आणायला पंधरवड्यानं मेस्त्रींबरोबर त्या सेटवर गेले. भाताच्या शेतात राबणाऱ्या बाईचं घर होतं. सगळं जागच्या जागी. फक्त चुलीवरची फळी रिकामी, भांडी खाली पोत्यात.

"कुणाला हात लावू दिला न्हाय," मेस्त्री म्हणाले. "म्हणायचे, हितली भांडी माझी भन लावणार. ती म्हणती तेच बरोबर हाय."

मी तिथंच बसून रडले. मग भांडी घासली, पुसली, फळीवर मांडायला घेतली… आणि हात थांबला. आई मोठं पातेलं कुठल्या अंगाला ठेवायची? ताटल्या उभ्या की आडव्या? काही केल्या आठवेना. आईचं असलं सगळं मी जन्मभर अण्णालाच विचारत आले होते.

"आक्का, तुमच्या आईचं असंच असायचं न्हवं?" मेस्त्रींनी विचारलं.

"ठावं न्हाय वो," मी म्हटलं. "ते अण्णाला ठावं होतं."