खाऊगल्लीतला बिननाकाचा गाईड

किस्से शोधायला आम्हाला कुठे जावं लागत नाही. संध्याकाळी सहा वाजता दहा अनोळखी माणसांना पार्ल्याच्या स्टेशनबाहेर उभं करायचं आणि सांगायचं, "पुढचे दोन तास तुम्हाला गल्लोगल्ली खायला घालणार आहोत." बस! पुढचं सगळं ती माणसं स्वतःच करतात. कोणी सासूशी भांडून आलेलं असतं, कोणी डाएटवर असतं, कोणी "मी फक्त सोबत आलोय" म्हणतो आणि चौथ्या थांब्यावर बायकोच्या प्लेटमध्ये हात घालतो. दर वॉकला एक तरी किस्सा पदरात पडतोच.

आम्ही म्हणजे तिघं. शुभांगी, मिलिंद आणि मी, कॉलेजपासूनचे दोस्त. शुभांगी पक्की पार्लेकर. मिलिंद मुलुंडचा, बुकिंग आणि फोन तो सांभाळतो. मी मरोळचा, मूळ कणकवलीकडचा. इंडस्ट्रियल इस्टेटमधली माझी कंपनी गुजरातला गेली, मी गेलो नाही, आणि आम्ही हे फूड वॉक सुरू केले. बुधवारी पार्ले, शनिवारी घाटकोपर. शुभांगी गल्लीचा इतिहास सांगते, मी चव सांगतो. "काका, तुम्ही बोललात की दोनदा खाल्ल्यासारखं वाटतं," असं लोक म्हणायचे आणि मी कॉलर ताठ करायचो.

मग अडीच वर्षांपूर्वी मला ताप आला. चार दिवसांत उतरला, पण जाताना नाक घेऊन गेला. म्हणजे नाक आहे जागच्या जागी, वास येत नाही. जिभेला खारट, गोड, आंबट, कडू कळतं, मिरची झोंबते. बाकी लसूण, हिंग, कोथिंबीर, तळणीचा खमंगपणा, सगळं गायब! डॉक्टर म्हणाले, "परत येईल. कदाचित नाहीही येणार." मी विचारलं, "मग मी करू काय?" ते म्हणाले, "वाट बघा."

बघतोय. तोवर लोकांना चव सांगायचं काम चालूच आहे.

* * *

तापानंतरचा पहिला वॉक. आम्ही तिघांनी एक युक्ती ठरवली होती. आधी शुभांगीने खायचं, सगळं ठीक असेल तर मान हलवायची, मग मी बोलायला सुरुवात करायची. गिऱ्हाईकाला पत्ता लागता कामा नये.

त्या दिवशी पहिला ठेला बंद. दुसऱ्याचा गॅस संपलेला. मिलिंदने घोषणाच केली, "नकट्याच्या वॉकला सतराशे विघ्नं!" तिसऱ्या ठिकाणी कचोरी मिळाली, आणि नेमका तेव्हाच शुभांगीला तिच्या मुलीचा फोन आला. ती बाजूला गेली. दहा जण कचोरी हातात धरून माझ्याकडे बघतायत. किती वेळ गप्प बसणार? मी एक घास खाल्ला, डोळे मिटले आणि म्हणालो, "आहाहा! हीच ती जुनी चव!"

एक काकू चावता चावता थांबल्या.

"जुनी म्हणजे किती? गेल्या आठवड्यातली?"

तेल खवट झालं होतं. इतकं, की सगळ्यांनी पहिल्या घासालाच कचोरी खाली ठेवली. मी आख्खी संपवली होती.

* * *

घाटकोपरच्या खाऊगल्लीत आमचा एक पावभाजीवाला आहे. त्याचे दोन तवे. डावीकडच्या तव्यावर जैन भाजी, म्हणजे कांदा नाही, लसूण नाही, बटाट्याऐवजी कच्चं केळं. उजवीकडे साधी. त्या शनिवारी ग्रुपमध्ये एक शहाबेन होत्या, साठीच्या, फार गोड बाई. मी उत्साहाने त्यांची प्लेट स्वतः उचलून निघालो.

"संजयभाई, लसूण नाय ने?"

"शंभर टक्के नाही! माझी गॅरंटी."

मागून पावभाजीवाल्याने झडप घालून प्लेट काढून घेतली. "ओ साहेब, कुठे निघालात? उजवीकडची आहे ती! अख्खी गल्ली लसणाने दणाणलीये आणि तुम्हाला वास येत नाही? नाक काय घरी खुंटीला टांगून आलात?"

सगळे हसले. सगळ्यात मोठ्याने मी हसलो. पण शहाबेन हसल्या नाहीत. त्यांनी आयुष्यभर सांभाळलेली गोष्ट मी एका मिनिटात मोडणार होतो, तेही गॅरंटी देऊन. मी हात जोडून माफी मागितली. त्या म्हणाल्या, "होतं असं, भाई," आणि सही प्लेट घेऊन शांतपणे खाल्ली.

वॉक संपल्यावर मी दोघांना म्हटलं, "मी बंद करतो यार. ही फसवणूक आहे."

"तुझ्या जिभेसाठी कोण येतं रे?" शुभांगी म्हणाली. "लोक तुझ्या बडबडीसाठी येतात."

"आणि बडबडीची वाट लावेल असा ताप अजून निघालेला नाही," मिलिंद म्हणाला. तेव्हापासून जैन प्लेटला मी हात लावत नाही.

* * *

हा किस्सा घरचा आहे, पण सांगतो. दर रविवारी आमच्याकडे बांगड्याचं तिखलं असतं. माझी बायको सुवर्णा त्यात तिरफळं घालते. तिरफळाचा वास एकदा भिनला की हाताला दुसऱ्या दिवसापर्यंत येतो. लग्न झाल्यापासून सोमवारी ऑफिसला जाताना मी हळूच बोटं हुंगायचो. आता खरं सांगायचं तर, मला कुठल्याही हॉटेलातल्या पदार्थाची आठवण येत नाही. त्या बोटांच्या वासाची येते. इतकी येते की कधीकधी सोमवारी बसस्टॉपवर उभा असताना बोटं आपोआप नाकाशी जातात.

ताप गेल्यावरही ती विचारायची, "कसं झालंय?" आणि मी म्हणायचो, "झकास!" नवऱ्याच्या तोंडून तेवढं ऐकायचा तिचा हक्क आहे.

एका रविवारी मी जरा जास्तच रंगात आलो. "आज तिरफळं काय मस्त उतरलीयेत गं!"

 तिने मला अजून एक तुकडी वाढली, वर रस घातला, आणि मग म्हणाली, "तिरफळं संपलीयेत. दोन आठवडे झाले."

त्यानंतर तिने 'कसं झालंय' विचारणं सोडून दिलं. ते मला नाक गेल्यापेक्षा जास्त लागलं.

* * *

डॉक्टरांनी एक व्यायाम दिला होता. लवंग, लिंबू, गुलाब, नीलगिरी अशा चार बाटल्या. रोज दोनदा हुंगायच्या आणि तो वास आठवायचा. हे खातं मिलिंदने आपणहून स्वतःकडे घेतलं. वॉकच्या आधी तो मला पार्ल्याच्या एका बागेतल्या बाकावर बसवायचा, डोळे मिटायला लावायचा आणि नाकाखाली बाटली धरायचा.

"बोल."

"लिंबू?"

"नीलगिरी आहे, यड्या! लहानपणी सर्दी झाल्यावर आईने कधी चोळली नाही काय?"

"चोळली ना. तीच आठवतोय."

एकदा बागेचा वॉचमन आला. दोन बाप्ये बाकावर, एकाचे डोळे मिटलेले, दुसरा त्याला बाटलीतलं काहीतरी हुंगवतोय! त्याने काठीच आपटली. "काय चाललंय इथं? उठा!"

मिलिंदने शांतपणे बाटली पुढे केली. "काका, तुम्हीच बघा."

वॉचमनने संशयाने बाटली लांबून हुंगली. "लवंग आहे ही."

झालं, सुटलो. मिलिंदला हसू आवरेना. मी मात्र त्या वॉचमनकडे पाहत राहिलो. मी आठ महिने रोज त्या बाटलीत नाक खुपसतोय, आणि हा माणूस हातभर लांबून सांगून गेला. आयुष्यात इतका हेवा मला कोणाच्या बंगल्याचा नाही वाटला, कोणाच्या गाडीचा नाही.

* * *

पार्ल्याच्या वॉकमध्ये एक कोपरा असा आहे जिथे आम्ही काहीच खायला देत नाही. तिथे शुभांगी सगळ्यांना थांबवते आणि सांगते, "पूर्वी संध्याकाळी इथे बिस्किटांचा वास यायचा. भट्टीतून नुकत्या निघालेल्या. फॅक्टरी बंद झाली, वास गेला." पार्ल्यात वाढलेली माणसं हे ऐकून फॅक्टरीच्या दिशेला बघतात.

एकदा ग्रुपमध्ये ऐंशीच्या घरातल्या एक आजी होत्या, नातसुनेचा हात धरून आलेल्या. शुभांगीचं ऐकून त्यांनी तिला वेड्यात काढलं. "गेला कुठे? येतोय की अजून!"

सगळे हुंगायला लागले. एकजण म्हणाला, "हो, जरासा येतोय." दुसरी म्हणाली, "दुधाचा पण येतोय ना?" बघता बघता आठ जणांना वास येऊ लागला! रस्त्याच्या कडेला दहा माणसं माना वर करून उभी, डोळे मिटलेले, चेहऱ्यावर हसू. शुभांगीसुद्धा त्यात. मिलिंद तेवढा माझ्या कानात कुजबुजला, "मला फक्त गटार येतंय रे."

मी त्याला कोपराने ढोसलं. त्या दिवशी पहिल्यांदा अख्खी पंगत माझ्यासारखी झाली होती. जे नाही त्याच्या वासासाठी थांबलेली. मला तिथून हलावंसं वाटत नव्हतं.

* * *

आता शेवटचा. हा मी सहसा कोणाला सांगत नाही.

गेल्या थंडीत अंधेरीला ऑफिस असलेली एक मुलगी वॉकला आली. मयूरी सावंत. सगळे पांगल्यावर मागे थांबली आणि म्हणाली, "काका, तुम्हाला वास येत नाही ना?"

मी उडालोच. "कोणी सांगितलं?"

"तुम्ही प्रत्येक ठिकाणी आधी शुभांगीताईंकडे बघता, मग बोलता. माझे बाबा जेवताना तसंच आईकडे बघतात."

तिच्या वडिलांचंही तसंच झालेलं, तापातच, माझ्याही आधी वर्षभर. गिरणीत होते, नंतर एका सोसायटीत सुपरवायझर. आता रिटायर. "ते आता जेवणाबद्दल काही बोलतच नाहीत," ती म्हणाली. "आधी आमच्या घरी भांडणं व्हायची जेवणावरून. मीठ कमी, कोकम जास्त! आता चुपचाप खातात आणि उठतात. काका, त्यांना घेऊन येऊ?"

मी काय देणार होतो त्यांना? पण तिच्या तोंडावर नाही म्हणवलं नाही.

पुढच्या बुधवारी सावंतकाका आले. उंच, काटक, पांढरा हाफ शर्ट, हात मागे बांधलेले. पहिल्या तीन थांब्यांवर त्यांनी प्लेट घेतली, खाल्ली, प्लेट ठेवली. एक शब्द नाही. मयूरी माझ्याकडे बघायची, मी शुभांगीकडे.

चौथा थांबा बटाटावड्याचा. कढईतून नुकते निघालेले. मी काकांच्या शेजारी जाऊन उभा राहिलो.

"तू खयचो?" त्यांनी विचारलं. संध्याकाळभरातलं पहिलं वाक्य.

"कणकवलीचो."

"माका कायच लागना नाय," ते वड्याकडे बघत म्हणाले, मग मयूरीकडे मान केली. "चेडवाक वाईट वाटता म्हणान इलंय."

"माकाव नाय लागना, काका. दोन वर्सां झाली."

त्यांनी पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं. "मगे ह्या सगळा सांगतस कसा?"

"आठवान."

 काकांनी वडा हातात घेतला. "बरा. तू सांग, मी खातंय."

मी सांगायला लागलो. त्या दिवशी मी शुभांगीकडे पाहिलं नाही. बाकीच्या लोकांनाही विसरलो. वरचं आवरण आधी दाताखाली कुरकुरतं, मग बेसनाचा भाजका वास. आत बटाटा मऊ, वाफ टाळ्याला लागते. मग आलं. आल्यामागून हिरवी मिरची. कोथिंबिरीचे देठ, ते हिरवेगार लागतात. फोडणीतला हिंग, नाकात मागच्या बाजूने चढणारा. मोहरी एखादी दाताखाली फुटते.  इतकं सगळं माझं होतं एकेकाळी, आणि मी ते वर्तमानपत्राच्या कागदावर उभ्याउभ्या संपवायचो.

काका डोळे मिटून चावत होते. सावकाश. अर्धा वडा संपला तसे थांबले. कपाळाला आठी पडली.

"लसूण मातशी जास्तीच पडली आज."

मयूरीच्या हातातली प्लेट वाकडी झाली. शुभांगीने माझ्यापुढचा वडा मोडून तोंडात टाकला. चावली. माझ्याकडे बघितलं.

"जास्त आहे रे," ती म्हणाली. "खरंच जास्त आहे."

कढईमागून वडेवाला ओरडला, "सॉरी ताई! आज वाटणावर नवीन माणूस आहे!"

लसणाचं नावसुद्धा मी घेतलं नव्हतं.

मयूरी रडत होती आणि हसतही होती. "बाबा, लागली? बाबा, बोला ना!"  काकांनी हातातला उरलेला अर्धा वडा माझ्या तळहातावर ठेवला.

"माका नाय लागना, काका," मी म्हणालो.

"डोळे मीट," सावंतकाका म्हणाले. "आता तू खा. मी सांगतंय."